लघुपटांतलं घर

आपल्या सोसायटीच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेत नोंदणी, बांधकाम, बोअरवेल, कन्व्हेयन्स यांचा इतिहास येणारच आहे आणि तो लिहायला माझ्यापेक्षा माहितगार मंडळी आहेत. मला समितीने सांगितलं, “काका, घर या विषयावर काहीही लिहा, फक्त बँकेचं नको.” ही अट पूर्ण पाळणं कठीण आहे, कारण २८ वर्षांची सवय आहे. पण बँकेबाहेर मला एक दुसरा नाद होता, त्याच्याबद्दल लिहितो. तो म्हणजे लघुपट पाहणं. त्यातही ज्यांना प्रायोगिक लघुपट म्हणतात ते.

१९६८ साली मुंबईत प्रभात चित्र मंडळ ही फिल्म सोसायटी सुरू झाली. बँकेत लागल्यावर एका सहकाऱ्याच्या नादाने मी तिचा सभासद झालो. तिथे अधूनमधून पाच-दहा मिनिटांचे चित्रपट बघायला मिळत. नायक-नायिका नाहीत, गाणं नाही, पुष्कळदा संवादही नाहीत. गोष्ट काय, असं विचारलं तर सांगता येऊ नये. निम्मे लोक चहाला उठायचे. पण माझ्या एक गोष्ट लक्षात आली. या छोट्या चित्रपटांत घर जसं दिसतं तसं ते तीन तासांच्या कौटुंबिक चित्रपटात कधीच दिसत नाही. मोठ्या चित्रपटात घरातल्या भांडणाला कारण असतं. सासू असते, दारू असते, भावकी असते आणि शेवटच्या रिळात सगळं मिटतं. छोट्या चित्रपटात कारणच सांगत नाहीत. काही वाईट घडलेलं नसतं, डबे भरलेले असतात, कपडे वाळत असतात, आणि तरी घरात कुठेतरी काहीतरी बरोबर नाही असं वाटत राहतं. दुपारी चार वाजता एकटं घरी बसलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

या जातीचा जगात सर्वांत गाजलेला लघुपट १९४३ सालचा आहे. अमेरिकेत लॉस एंजेलिसला माया डेरेन आणि तिचा नवरा अलेक्झांडर हामिद या दोघांनी तो स्वतःच्याच घरात, जवळजवळ पदराला खार लावून केला. ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हे त्याचं नाव, लांबी १४ मिनिटं. त्यात आहे काय? दाराची किल्ली, पाव कापायची सुरी, काढून ठेवलेला फोनचा रिसीव्हर आणि एक जिना. पण तो जिना ती बाई ज्या तऱ्हेने चढते ते पाहिल्यावर आपल्या घरातला जिनासुद्धा दोन दिवस जरा जपून चढावासा वाटतो.

आपल्याकडे मात्र या प्रकाराची सुरुवात भीतीतून झाली नाही, कर्जातून झाली. (बघा, बँक आलीच.) दादासाहेब फाळके १९१२ साली इंग्लंडहून कॅमेरा घेऊन परत आले तेव्हा त्यांच्याजवळ चित्रपट काढायला पैसे नव्हते. विमा पॉलिसी आधीच गहाण पडली होती आणि घरातलं सामान विकून झालं होतं. ओळखीचे लोक डोकं फिरलंय म्हणत होते. अशा वेळी भांडवलदाराला दाखवणार काय? फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्यासमोर कॅमेरा रोखला. रोज थोडं थोडं, एकेक चित्र घेत, महिना-दीड महिना हा उद्योग चालला. पडद्यावर जेमतेम मिनिटभरात दाण्यातून कोंब आला, वेल वर चढला. ‘अंकुराची वाढ’ हा तो लघुपट. तो बघून पैसेवाल्यांचा विश्वास बसला आणि कर्ज मिळालं. त्यात सरस्वतीबाईंच्या दागिन्यांचीही भर पडली. पुढे ३ मे १९१३ रोजी गिरगावात कॉरोनेशनला ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तो सगळ्यांना माहीत आहे.

मी कर्ज विभागात काम केलेला माणूस, म्हणून मला त्या वाटाण्याचं फार कौतुक. प्रकल्प अहवालाच्या जागी एक मिनिटाची फिल्म! पण तो महिना-दीड महिना त्या घरात काय वातावरण असेल, याची नोंद त्या फिल्ममध्ये नाही. सरस्वतीबाई फिल्मला भोकं पाडायला शिकल्या, रसायनं हाताळायला शिकल्या. पुढे ‘हरिश्चंद्र’च्या वेळी साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक त्यांनीच रांधला. अंगावरचे दागिने गेलेले, घरात लहान मुलं, आणि घरधनी एका कुंडीकडे टक लावून बसलेला. आपल्या पहिल्या प्रायोगिक लघुपटात रोप दिसतं. ते ज्या घरात वाढलं ते घर दिसत नाही.

स्वातंत्र्यानंतर लघुपट हा सरकारी मामला झाला. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन झालं. माझ्या वयाच्या सभासदांना आठवत असेल, मुख्य चित्रपटाआधी ‘भारतीय समाचार चित्र’ आणि माहितीपट दाखवायची थिएटरांना सक्तीच होती. त्यामुळे पेडर रोडवरच्या त्या कचेरीत तयार झालेले लघुपट कर्जतपासून कन्याकुमारीपर्यंत लोकांनी पाहिले, कुणी आवडीने, कुणी खारे दाणे खात. त्यातलं घर कसं होतं? लाल त्रिकोणाचं! आई, बाबा आणि दोन मुलं, चौघंही हसरी, समोर भाताचं शेत किंवा नवीकोरी कॉलनी. ‘हम दो, हमारे दो.’ घर लहान ठेवलं की ते आपोआप सुखी होतं, असा साधा हिशेब होता. तो हिशेब देशाला गरजेचाच होता, त्याची चेष्टा करावी असं मला वाटत नाही. पण घरातल्या माणसांची संख्या बरोबर असूनही ती अस्वस्थ असू शकतात, हे कुणी सांगत नव्हतं.

गंमत अशी, की ते पहिल्यांदा सांगणाऱ्यांतला एक जण याच सरकारी कचेरीत नोकरीला होता. प्रमोद पती हे मूळचे ओडिशाचे, प्रागला जाऊन ॲनिमेशन शिकून आलेले. १९६५ नंतर जहांगीर भावनगरी हे फिल्म्स डिव्हिजनचे सल्लागार असताना तरुण दिग्दर्शकांना जरा मोकळीक मिळाली. तिचा सर्वांत जास्त फायदा पतींनी घेतला. १९६८ च्या ‘क्लॅक्सप्लोजन’मध्ये त्यांनी कुटुंबनियोजनाचाच विषय घेतला, पण हसरं कुटुंब बाजूला ठेवून धक्के खात हलणारी माणसं आणि विचित्र आवाज यांतून तो मांडला. त्याच वर्षीचा ‘एक्सप्लोरर’ तर प्रेक्षकाला गरगरून टाकतो. सक्तीने दाखवायच्या सरकारी फिल्ममध्ये हे बघून थिएटरातल्या लोकांना काय वाटलं असेल! यंत्र बिघडलं म्हणून ऑपरेटरच्या नावाने शिट्ट्यासुद्धा वाजल्या असतील.

पतींचा मला सर्वांत आवडलेला लघुपट ‘आबिद’, साल १९७२, पाचेक मिनिटांचा. चित्रकार आबिद सुरती, ‘ढब्बूजी’वाले, एका खोलीत आहेत आणि ती रंगवताहेत. जिवंत माणसालाच बाहुल्याप्रमाणे एकेक चित्र घेऊन हलवायचं, असं त्याचं तंत्र. त्यामुळे ते चालत नाहीत, सरकतात. वस्तू आपल्या आपण जागा बदलतात आणि भिंती रंगांनी भरत जातात. बघताना हसू येतं, पण खोली माणसाला गिळतेय की माणूस खोलीला, हे नक्की कळत नाही.

याच आबिद सुरतींनी पुढे जे केलं ते सहकारी सोसायटीच्या स्मरणिकेत यायलाच हवं. मीरा रोडला राहत असताना २००७ साली त्यांनी ठिबकणारे नळ दुरुस्त करायचं काम सुरू केलं. दर रविवारी एक प्लंबर बरोबर घेऊन एकेका इमारतीत जायचं, दारोदार विचारायचं आणि नळ फुकट दुरुस्त करून द्यायचा. थेंबाथेंबाने गळणाऱ्या नळाचा रात्रीचा आवाज आणि घरातली अस्वस्थता यांचा संबंध मी सांगायला नको. पाच मिनिटांच्या फिल्ममधल्या खोलीतून निघालेला माणूस लोकांच्या मोरीपर्यंत पोचला, याचं मला राहून राहून नवल वाटतं. पतींना हे बघायला मिळालं नाही. ते १९७५ मध्ये ऐन चाळिशीत गेले.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. १९६९ हे साल आम्हा बँकवाल्यांना १९ जुलैमुळे पाठ असतं. त्या दिवशी १४ बँकांचं राष्ट्रीयीकरण झालं. त्याच वर्षी चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू फेलोशिपच्या पैशांतून नेपियन सी रोडवरच्या एका फ्लॅटमध्ये ‘व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप’ सुरू केलं. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले यांनी एकत्र यावं, कॅमेरा वापरावा, काय सुचेल ते करावं, अशी कल्पना होती. मणी कौल, कुमार शहानी तिथे येत. १९७२ पर्यंत ते चाललं. त्यातलं फार थोडं टिकलं. पदमसींच्या स्वतःच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या फिल्मची एकुलती एक प्रत बाहेर प्रदर्शनाला गेली ती हरवली. एकच मूळ प्रत, तीही पोच न ठेवता बाहेर! असो.

तिथे जे.जे.मधून नुकतीच बाहेर पडलेली एक मुलगी होती, नलिनी मलानी. जन्म १९४६, कराचीचा. फाळणीत घर सोडून आलेलं कुटुंब. तिने त्या वर्षी काही लहान लहान फिल्म केल्या. एकीत फक्त एका खोलीतल्या वापरातल्या वस्तूंवरून कॅमेरा फिरत राहतो. नाव ‘स्टिल लाइफ’. दुसरीचं नाव ‘ड्रीम हाउसेस’. तीत घरांचं एक छोटं मॉडेल आहे, बिल्डरच्या ऑफिसात काचेखाली असतं तसं. त्यावर रंगीत प्रकाश पडतो, रंग बदलतात, भिंती उजळतात, सावल्या सरकतात. माणूस कुठेच नाही. चार्ल्स कोरिया, बकमिन्स्टर फुलर अशा वास्तुरचनाकारांच्या विचारांनी तेव्हा तरुण मंडळी भारावली होती. देश नवा, शहर नवं, सगळ्यांना घर. १९६५ साली कोरिया, प्रविणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी खाडीपलीकडच्या नव्या मुंबईची कल्पना मांडली होती आणि १९७० मध्ये सिडको स्थापन झाली. तेव्हा ‘ड्रीम हाउसेस’ ही काही भाबडी कल्पना नव्हती. सरकारी फायलीतही तेच स्वप्न होतं.

सात वर्षांनी, १९७६ मध्ये, मलानींनी त्या फिल्मला एक जोड दिली. आता एकाच वेळी दोन चित्रपट शेजारी शेजारी दिसतात. एका बाजूला ती जुनी रंगीत, स्वप्नातली घरं. दुसऱ्या बाजूला कृष्णधवल चित्र. उंच इमारतीतल्या खिडकीशी एक तरुणी उभी आहे आणि बाहेर बघते आहे. बाहेर मुंबई आहे, झोपड्या आहेत. या जोडीचं नाव ‘यूटोपिया’. दोन्ही मिळून चार मिनिटांच्या आतला मामला. त्याच वर्षी मे महिन्यात ट्रॉम्बेजवळची जनता कॉलनी उठवून तिथल्या लोकांना चीता कॅम्पला हलवलं होतं. आणीबाणी होती, वर्तमानपत्रात फारसं येत नव्हतं. ती तरुणी काही बोलत नाही, रडत नाही. तिच्या घरात काही कमी आहे असंही नाही. पण तिला खिडकीपासून बाजूला होता येत नाही.

मलानी पुढे जगभर नावाजल्या गेल्या. पॅरिसच्या पॉम्पिदू सेंटरमध्ये त्यांचं मोठं प्रदर्शन झालं आणि २०२३ चा क्योतो पुरस्कार त्यांना मिळाला. ही चार मिनिटं आता परदेशातल्या संग्रहालयांतून दाखवतात. मला वाटतं ती गृहकर्ज विभागात दाखवायला हवीत. कर्जाच्या अर्जाला मंजूर नकाशा जोडलेला असे. हॉल इतके फूट, किचन तितके फूट, डक्ट कुठे, बाल्कनी कुठे, सगळं त्यात असे. खिडकीतून काय दिसणार, हे मात्र कुठल्याही नकाशात नसतं.

आपल्या सोसायटीचंच बघा ना. २००१ साली बँकांत स्वेच्छानिवृत्तीची लाट आली, त्या पैशांतून आम्ही काही जणांनी इथे घरं घेतली. बुकिंगच्या वेळी हातात दिलेल्या रंगीत ब्रोशरमध्ये इमारतीमागे सगळीकडे हिरवा रंग होता. तिथे ठाकुरवाडी आहे हे राहायला आल्यावर कळलं. बी विंगच्या किचनच्या खिडक्या थेट वाडीवर उघडतात. पहिल्या पावसात शेवळं आणि टाकळा घेऊन येणाऱ्या बायका, पाया खणायला आलेली माणसं, आज आपल्या जिन्यांची झाडलोट करणाऱ्या मावशी, सगळी तिकडचीच. पहिल्या वर्षांत तिथे कारवीच्या कुडाची, शेणामातीने लिंपलेली घरं बरीच होती. आता पत्रे आणि सिमेंटच्या विटा आल्या आहेत. तिकडून बघितलं तर आपण रात्री कसे दिसत असू? उजळलेल्या खिडक्यांचं मॉडेलच.

आणि १९ जुलै या तारखेला आता आपल्या तालुक्यांत वेगळाच अर्थ आला आहे. २०२३ च्या त्या रात्री इर्शाळगडाच्या पायथ्याची इर्शाळवाडी दरडीखाली गेली. २७ मृतदेह मिळाले, ५७ माणसं बेपत्ता म्हणून नोंदली गेली, चार दिवसांनी शोध थांबवावा लागला. तीही ठाकरांचीच वाडी. आपल्याकडच्या झाडलोट करणाऱ्या मावशींचे नातेवाईक होते त्यात. नंतर सिडकोने चौकजवळ वाचलेल्यांसाठी पक्की घरं बांधली. स्वप्नातली घरं बांधायला जिचा जन्म झाला तीच ही सिडको. पावसाळ्यात डोंगराकडे बघत अंथरुणाला पाठ टेकणाऱ्या माणसाच्या अस्वस्थतेवर कुणी लघुपट केला असेल तर मला तो बघायचा आहे.

शेवटी मराठीतल्या एका लघुपटाबद्दल सांगतो. तो मात्र प्रत्येकाने पाहावा, लहान मुलांना घेऊन पाहावा. २००४ चा ‘गिरणी’. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकताना उमेश कुलकर्णींनी तो केला. पुढे ‘वळू’, ‘विहीर’, ‘देऊळ’ करणारे तेच हे. ‘गिरणी’ला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. गोष्ट अगदी घरातली आहे. आई आणि तिचा शाळकरी मुलगा, जागा लहान. पोटापाण्यासाठी आई घरातच पिठाची गिरणी बसवते. मुलगा आधी खूश असतो, घरात नवं यंत्र आलंय! मग तो आवाज सुरू होतो आणि थांबतच नाही. अभ्यासात आवाज, झोपेत आवाज, घरभर पीठ, शाळेत चिडवाचिडवी. आईचं काही चुकलेलं नाही. मुलाचंही नाही. गिरणी बंद झाली तर पोटाचं काय, आणि चालू राहिली तर या मुलाने जायचं कुठे? शेवटी तो काय करतो ते मी लिहीत नाही.

हा लघुपट मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला बँकेतली पाहणीची वही आठवली. १९८० नंतर एकात्मिक ग्रामीण विकास कार्यक्रमात आम्ही शेळ्या, म्हशी, शिलाई मशिनं यांच्याबरोबर पिठाच्या गिरण्यांनाही कर्ज देत असू. वर्षातून एकदा जाऊन बघायचं. गिरणी जागेवर आहे का, मोटर किती हॉर्सपॉवरची, दिवसाला किती किलो दळण होतं, हप्ता नियमित का. एका घरी गिरणीच्या पलीकडे एक मुलगी पाठ करून धडा वाचत बसली होती, मोठ्याने, जवळजवळ ओरडून. मी आईला म्हटलं, “ताई, हिला त्रास होत नाही का?” त्या म्हणाल्या, “साहेब, तिला हळू वाचताच येत नाही आता.” वहीत मी लिहिलं : गिरणी चालू, हप्ता नियमित. त्या रकान्यांत तेवढंच लिहिता येत होतं आणि ते खरंही होतं.

आपल्याकडे आठ-नऊ वर्षांपूर्वी घरघंटीवरून काय झालं ते बहुतेकांना आठवत असेल. आपल्या एका भगिनी सभासदाने मिस्टरांच्या पश्चात घरात घरघंटी घेतली आणि दळणं घ्यायला सुरुवात केली. दोन लेखी तक्रारी आल्या. निवासी गाळ्यात व्यवसाय, वीज, आवाज, अनोळखी लोकांची ये-जा. वार्षिक सभेत दीड तास त्यावरच चर्चा झाली, तेवढा वेळ सिंकिंग फंडावरही कधी दिला गेला नव्हता. तक्रार करणाऱ्यांच्या घरात रात्रपाळीहून आलेला मुलगा झोपत होता, त्यांचंही म्हणणं खोटं नव्हतं. उपनियमांच्या पुस्तकात दोन्ही बाजूंना आपापल्या सोयीची कलमं सापडली. शेवटी घरघंटीखाली रबरी पॅड घालावं, दुपारी एक ते चार आणि रात्री आठनंतर ती चालवू नये, दळण फक्त सोसायटीतलं आणि वाडीतलं घ्यावं, असा ठराव झाला. ‘वाडीतलं’ हा शब्द घालायला एकाने हरकत घेतली होती, ती मतदानात पडली. त्याची नोंद इतिवृत्तात आहे.

ती घरघंटी अजून चालू आहे. वाडीतल्या बायका नाचणी आणि तांदूळ घेऊन येतात आणि आमची भाजणीही तिथेच दळली जाते. आमच्या बेडरूमची भिंत त्या घराला लागून आहे. सकाळी दहाला ती सुरू झाल्याचं आता मला कळत नाही. एखाद्या दिवशी सुरू झाली नाही, की सौ. म्हणतात, “अहो, जरा जाऊन बघता का, ठीक आहेत ना त्या?”